केसकरांच्या नावाची संध्याकाळ : ठाण्यातलं एक प्रकरण

नौपाड्यातलं आमचं संगीत मंडळ दर हिवाळ्यात एक मोठी संध्याकाळ करतं. एखाद्या दिवंगत गायकाचं किंवा वादकाचं नाव कार्यक्रमाला द्यायचं, त्याच्या कलेवर कोणीतरी पंधरा-वीस मिनिटं बोलायचं आणि मग मैफल, अशी पद्धत. यंदा कार्यकारिणीच्या बैठकीत एका ज्येष्ठ सभासदांनी वेगळी सूचना मांडली. कलावंतांच्या नावानं इतकी वर्षं केलं, आता ज्यांनी कलावंतांना जगवलं त्यांच्यापैकी कोणाची तरी आठवण ठेवू या, असं ते म्हणाले. हे आकाशवाणीतून निवृत्त झालेले; मंडळात सगळे त्यांना रेडिओवाले काकाच म्हणतात. त्यांनी सुचवलेलं नाव होतं डॉ. बाळकृष्ण विश्वनाथ केसकर. १९५२ ते १९६२ अशी सलग दहा वर्षं केंद्रात माहिती व नभोवाणी खातं सांभाळलेले मंत्री.

नाव ऐकताच पेटीवाले काका उभे राहिले. "ज्या माणसानं पेटी रेडिओवरून हद्दपार केली, त्याच्या नावाच्या कार्यक्रमात मी साथीला बसणार नाही. दुसरा कोणी बघा," असं त्यांनी सरळ सांगितलं. चरईच्या मावशी एरवी बैठकीत कमी बोलतात. त्या म्हणाल्या, "आमची गाणी बंद करणारे ते हेच ना?" महाविद्यालयात माध्यमांचा इतिहास शिकवणाऱ्या आमच्या सरांचा आक्षेप आणखी वेगळा होता, त्याबद्दल पुढे येईलच. रेडिओवाले काका मात्र ठाम होते. त्यांचे वडील गायक. संस्थानं गेल्यानंतरच्या काळात घरात धान्य आलं ते रेडिओच्या मानधनावर, हे त्यांनी लहानपणी पाहिलेलं.

त्या दिवशी निर्णय झाला नाही. कार्यवाह या नात्यानं मला आणि सरांना टिपण तयार करायला सांगितलं गेलं. टिपणात जे आलं आणि त्यावर मंडळात जे ठरलं, ते इथे सविस्तर मांडतो आहे. असा वाद उद्या दुसऱ्या कुठल्या मंडळातही उभा राहू शकतो, आणि तेव्हा ऐकीव गोष्टींवर भांडण्यापेक्षा हाताशी काहीतरी असलेलं बरं.

माणूस आणि पद

केसकर मूळचे पुण्याचे, जन्म १९०३ चा. काशी विद्यापीठात शिकले, पॅरिसला डॉक्टरेट केली, स्वातंत्र्य चळवळीत आणि काँग्रेसमध्ये काम केलं, स्वातंत्र्यानंतर आधी परराष्ट्र खात्यात उपमंत्री होते. अभिजात संगीताची त्यांची आवड वरवरची नव्हती; त्यांनी गाण्याची तालीम घेतली होती.

केसकर तर मंत्री, मग आकाशवाणीच्या बऱ्यावाईटाचं श्रेय-अपश्रेय त्यांच्या माथी का, हा प्रश्न बैठकीतही आला. उत्तर सोपं आहे. आकाशवाणी चालवणारी स्वायत्त संस्था प्रसार भारती १९९७ साली आली. त्याआधी आकाशवाणी हे सरकारी खातंच होतं आणि महासंचालक मंत्र्याच्या हाताखाली. कोणी मंत्री त्या खात्याकडे पायरी म्हणून बघे, कोणी सहीपुरतं. केसकरांनी तिथे दहा वर्षं काढली आणि कुठलं संगीत किती वेळ लागावं इथपर्यंत स्वतः लक्ष घातलं. खरे कारभारी तेच होते.

१९५२ मध्ये नेमकं काय झालं

"केसकरांनी सिनेसंगीतावर बंदी घातली" हे वाक्य आपल्याकडे इतक्या वेळा बोललं गेलं आहे की त्यापुढे कोणी विचारत नाही. टिपण करताना आम्ही सर्वांत जास्त वेळ दिला तो इथेच, कारण बंदीचा एकच हुकूम निघाला आणि गाणी थांबली, असं घडलंच नव्हतं.

आधी केसकरांनी भूमिका जाहीर केली. चित्रपटगीतं दिवसेंदिवस उथळ होत आहेत, शब्द सवंग आहेत, चालींवर पाश्चात्त्य वाद्यमेळाची छाप आहे, अशी त्यांची तक्रार. मग तीन गोष्टी झाल्या. गाणी प्रसारणाआधी तपासली जाऊ लागली, आणि बरीचशी नापास. चित्रपटगीतांचा वाटा प्रसारणाच्या वेळेच्या दहा टक्क्यांवर आणला गेला. आणि गाणं लागलं तरी चित्रपटाचं नाव सांगायचं नाही, फक्त गायकाचं सांगायचं, असं ठरलं. नाव सांगणं म्हणजे सरकारी रेडिओवरून खासगी मालाची फुकट जाहिरात, असा त्यामागचा विचार.

घाव बसला तो या तिसऱ्या गोष्टीचा. निर्मात्यांना रेडिओतून मिळणारा मुख्य लाभ म्हणजे चित्रपटाचं नाव घरोघरी जाणं. तेच गेल्यावर निर्मात्यांच्या संघटनेनं आकाशवाणीला गाणी वाजवण्याचे दिलेले परवाने काढून घेतले. तडजोड झाली नाही आणि काही महिन्यांतच चित्रपटगीतं आकाशवाणीवरून जवळजवळ नाहीशी झाली.

म्हणजे शेवटचं दार निर्मात्यांनी ओढून घेतलं. सर म्हणाले, यामुळे केसकरांची जबाबदारी कमी होते. मला तसं वाटत नाही. ज्याच्या हाती देशातलं एकमेव प्रसारण आहे, त्यानं समोरच्याला असं कोपऱ्यात ढकललं तर तो काय करील, हे आधी ओळखायला हवं. शिवाय दार लागल्यावर ते उघडायची घाईही कोणी केली नाही. आकाशवाणीच्या दृष्टीनं जे हवं होतं ते आपोआप झालं होतं. पण हा भांडणाचा तपशील ठाऊक असला की केसकर कार्टूनमधला खलनायक राहत नाहीत. सरकारी माध्यमानं खासगी उद्योगाची फुकट जाहिरात करावी का, हा त्यांचा प्रश्न तेव्हाही रास्त होता आणि आजही आहे. उत्तर मात्र त्यांनी श्रोत्याला न विचारता दिलं.

आणि त्या श्रोत्यानं पैसे भरलेले होते. त्या काळी घरात रेडिओ ठेवायचा तर वर्षाचा परवाना काढावा लागे, पोस्टात जाऊन. हे आता तिशीतल्या माणसाला सांगितलं तर खरं वाटत नाही. आकाशवाणी सरकारची होती, पण परवान्याचा खर्च नौपाड्यातल्या कारकुनाच्या खिशातून जात होता. त्यानं काय ऐकावं हे ठरवताना त्याला काय आवडतं याला जागाच नव्हती.

बुधवार, रात्री आठ

या भागासाठी मावशींना बोलतं केलं. चरईतल्या त्यांच्या चाळीत एकाच बिऱ्हाडात रेडिओ होता, मर्फीचा. बुधवारी रात्री आठ वाजायच्या आत जेवणं उरकून पोरं त्या खोलीच्या दारात गोळा होत. रेडिओ सिलोन, म्हणजे आजच्या श्रीलंकेतलं केंद्र. खरखर, मध्येच आवाज दूर जाणं, पुन्हा येणं, आणि मग अमीन सायानींचं ते "बहनो और भाइयो". "मुंबई केंद्र लावलं की वडील खूश, सिलोन लावलं की आम्ही," असं मावशी म्हणाल्या.

सिलोनकडे दुसऱ्या महायुद्धात दोस्त सैन्यासाठी उभारलेले शक्तिशाली शॉर्टवेव्ह ट्रान्समीटर होते. त्यांचा आवाज सगळ्या उपखंडात पोचत होता. ३ डिसेंबर १९५२ रोजी बिनाका गीतमाला सुरू झाली. कार्यक्रम मुंबईत ध्वनिमुद्रित व्हायचा, टेप विमानानं कोलंबोला जायची आणि तिथून आवाज पुन्हा मुंबई-ठाण्याच्या घरांत यायचा. गाणी आपल्याकडची, निवेदक आपला, टूथपेस्टची जाहिरात आपल्याच बाजारासाठी, आणि प्रसारण दुसऱ्या देशाचं. जाहिरातीचा पैसाही तिकडेच.

त्या काळातल्या एका पाहणीची गोष्ट रेडिओच्या माणसांत अजून सांगितली जाते. रेडिओ असलेल्या दहा घरांपैकी नऊ घरांत सिलोन लागलेलं, आणि दहाव्या घरातला रेडिओ बिघडलेला. रेडिओवाले काकांनीही ती हसत सांगितली, पण पुढे म्हणाले ते महत्त्वाचं आहे. "खात्यात आम्हाला हे शिकवलं नाही, पण कळत होतं. श्रोता एकदा सुई फिरवून गेला की तो नुसती गाणी ऐकायला जात नाही, बातम्यांच्या वेळीही परत येत नाही." सार्वजनिक प्रसारणाचं खरं नुकसान हे होतं. राष्ट्र घडवण्याचा जो कार्यक्रम केसकरांच्या मनात होता, त्याचा श्रोताच उठून गेला.

पाच वर्षांनी चूक सुधारली गेली. ३ ऑक्टोबर १९५७ रोजी विविध भारती सुरू झाली, तीही केसकर मंत्री असतानाच. पंडित नरेंद्र शर्मा तिचे पहिले सूत्रधार. मुंबई आणि मद्रासच्या शॉर्टवेव्ह ट्रान्समीटरवरून चित्रपटगीतं सन्मानानं परत आली. जाहिराती आणखी दहा वर्षांनी, १९६७ च्या नोव्हेंबरात, मुंबई-पुणे-नागपूरपासून सुरू झाल्या. तेव्हा केसकर खात्यात नव्हते. मंडळातल्या टीकाकारांना मी हे मुद्दाम वाचून दाखवलं. आपल्याच धोरणाच्या विरुद्ध जाणारी सेवा आपल्याच कारकिर्दीत सुरू होऊ देणारे मंत्री फार दिसत नाहीत. उशीर झाला हेही खरं. पाच वर्षांत लागलेली सवय एका दिवसात मोडत नाही.

जमेची बाजू

केसकर खात्यातून गेल्यावर साठ-सत्तर वर्षांनी त्यांचं जे काम टिकून आहे, ते चित्रपटगीतांच्या भांडणापेक्षा पुष्कळ मोठं आहे. ते समजायला १९४९ मध्ये जावं लागतं. १ मार्चला कोल्हापूर संस्थान मुंबई प्रांतात विलीन झालं, १ मे रोजी बडोदा. कोल्हापूरच्या आश्रयानं अल्लादिया खाँसाहेबांची गायकी रुजली, बडोद्यानं फैयाज खाँसाहेबांना पोसलं. सांगली, मिरज, जमखिंडी, औंध अशी लहान संस्थानं आदल्याच वर्षी गेली होती. त्याच्याही आधी, बोलपट आल्यावर १९३० च्या दशकात संगीत नाटक मंडळ्या एकामागोमाग बसल्या होत्या. गाणाऱ्या-वाजवणाऱ्या माणसाचे दोन्ही अन्नदाते वीसेक वर्षांच्या आत संपले. शिकवण्या आणि कधीमधी गणेशोत्सव, एवढंच उरलं.

ती पोकळी आकाशवाणीनं भरली, आणि ती ठरवून भरली. १९५२ साली संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. शनिवारी रात्री सगळ्या केंद्रांवरून एकच मैफल. त्याच साली दिल्लीला वाद्यवृंद उभा राहिला, रविशंकरांच्या हाताखाली. १९५४ पासून रेडिओ संगीत संमेलन. स्वातंत्र्याच्या वेळी भारताच्या वाट्याला आलेली केंद्रं सहा होती. ती संख्या वाढत गेली, आणि प्रत्येक केंद्राला तानपुरेवाले, तबलजी, सारंगिये, गायक लागत. ठरावीक मानधन, ठरावीक तारीख, सरकारी चेक. दरबारात धन्याची मर्जी राखावी लागे. इथे पहिल्यांदाच कलावंताच्या हाती कराराचा कागद आला. रेडिओवाले काकांच्या घरी वडिलांची ती करारपत्रं अजून एका फाइलमध्ये आहेत. त्यांनी ती बैठकीत आणली होती. रक्कम लहान, पण दर काही आठवड्यांनी न चुकता.

याच काळात रेडिओवर गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांना स्वरचाचणी घेऊन श्रेणी देण्याची पद्धत आली. नामवंतांनाही स्वरचाचणी द्यावी लागणार, या कल्पनेनं मोठा असंतोष झाला, मुंबईसह अनेक ठिकाणी कलावंतांनी निषेध केला. परीक्षक मंडळाची धुरा पंडित श्रीकृष्ण नारायण रातंजनकर यांच्याकडे होती. भातखंड्यांचे शिष्य, लखनौच्या संगीत महाविद्यालयाचे प्राचार्य. परंपरेनं गाणाऱ्याला ग्रंथ शिकलेल्यानं तपासावं, हे अनेकांना झोंबलं. झोंबण्यासारखंच होतं. तरीही आज ठाण्यात राम मारुती रोडवरून गोखले रोडवर जाताना गायन-वादन वर्गांच्या पाट्या वाचा. "आकाशवाणी मान्यताप्राप्त", "आकाशवाणी ए श्रेणी". आमच्या निमंत्रणपत्रिकेतही कलाकाराच्या नावाखाली तेच छापतो. त्या श्रेणीची किंमत आम्ही सगळे मानतो, केसकरांच्या नावाला विरोध करणारेही.

आणि पुणे. पुणे केंद्र २ ऑक्टोबर १९५३ रोजी सुरू झालं. तिथल्या सीताकांत लाड यांच्या आग्रहातून १ एप्रिल १९५५ च्या रामनवमीला गीतरामायण सुरू झालं आणि पुढच्या रामनवमीपर्यंत, आठवड्याला एक याप्रमाणे, छप्पन्न गीतं झाली. हा सगळा केसकरांचा काळ. माझ्या टिपणातला हा भाग लिहिताना एक गोष्ट प्रकर्षानं लक्षात आली आणि मला ती या प्रकरणाच्या गाभ्याशी वाटते. ही गीतं लिहिणारे गदिमा, म्हणजे ग. दि. माडगूळकर, कोण होते? चित्रपटांचे गीतकार आणि पटकथाकार. चाली देणारे सुधीर फडके? चित्रपटांचे संगीतकार. ज्या दुनियेतून येणाऱ्या गाण्यांना आकाशवाणीनं उथळ म्हणून गाळलं, त्याच दुनियेतल्या दोघांनी आकाशवाणीचा मराठीतला सर्वांत मोठा कार्यक्रम घडवला. गाणाऱ्यांत लता मंगेशकरही होत्या, माणिक वर्मा आणि वसंतराव देशपांडेही.

यातून दोन निष्कर्ष निघतात आणि मंडळात दोन्ही निघाले. रेडिओवाले काकांचं म्हणणं असं की केसकरांच्या धोरणामुळेच हे झालं. रेडिओनं स्वतःचं गाणं स्वतः निर्माण करावं हा आग्रह होता, सुगम संगीतासाठी केंद्रांना माणसं आणि वेळ मिळाला, म्हणून भावगीत बहरलं. नुसत्या तबकड्या वाजवत बसले असते तर गीतरामायणाला जागाच नव्हती. सर म्हणाले, गीतरामायणानं केसकरांची मूळ समजूतच खोटी ठरवली. चित्रपटवाल्यांकडे अभिरुची नव्हती असं नाही. त्यांना वेळ आणि विषय दिला तर ते काय करतात ते दिसलं. मला दोन्ही म्हणणी खरी वाटतात. धोरण चांगलं होतं, त्यामागचा तिरस्कार अनाठायी होता.

पेटीचा प्रश्न

पेटीवाले काकांची जखम खोल आहे, आणि ती ठाण्यातल्या माणसाला समजावून सांगायला नको. हे पंडित राम मराठ्यांचं गाव. महापालिका त्यांच्या नावानं संगीत समारोह करते. नाट्यसंगीताची परंपरा इथे गडकरी रंगायतन नाट्यगृहाच्याही आधीपासून घरोघरी आहे. नाट्यपद पेटीशिवाय उभं राहत नाही. गोविंदराव टेंब्यांपासून पी. मधुकर, गोविंदराव पटवर्धन, तुळशीदास बोरकर अशी मराठी पेटीवादकांची मालिका देशात दुसरीकडे सापडणार नाही. आणि या माणसांचं वाद्य देशाच्या रेडिओवर निषिद्ध होतं.

पण ती बंदी केसकरांची नाही. ती १ मार्च १९४० ची. तेव्हा आकाशवाणीचे प्रमुख होते लायनेल फील्डन, बीबीसीतून १९३५ मध्ये आलेले प्रसारण नियंत्रक. ऑल इंडिया रेडिओ हे नाव १९३६ मध्ये पडलं ते त्यांच्याच वेळी. दिल्ली केंद्रावर पाश्चात्त्य संगीत विभाग सांभाळणाऱ्या जॉन फोल्ड्स यांनी १९३८ मध्येच पेटीवर कडाडून टीका करणारा लेख लिहिला होता. पेटीचे सूर ठोकळ, बारा पट्ट्यांत बांधलेले. एका सुरावरून दुसऱ्यावर सलग सरकत जाणारी मींड नाही, श्रुतींची, म्हणजे सुरांमधल्या बारीक अंतरांची, सूक्ष्मता नाही, हा आक्षेप. रवींद्रनाथ ठाकुरांनीही १९४० च्या जानेवारीत कलकत्ता केंद्राला पत्र लिहून पेटीला विरोध दर्शवला होता. बंदी अंशतः उठली १९७१ मध्ये.

असंच आणखी एक उदाहरण. ज्यांचं खासगी आयुष्य लोकापवादाचा विषय आहे अशा गायिकांना रेडिओवर जागा नाही, हा निर्णयही पुष्कळदा केसकरांच्या नावावर टाकला जातो. तो १९४६ चा, वल्लभभाई पटेल त्या खात्याचे प्रमुख असतानाचा.

पेटीवाले काकांना मी हे बैठकीआधी त्यांच्या घरी जाऊन सांगितलं. चारचौघांत सांगितलं असतं तर त्यांना खोटं पाडल्यासारखं झालं असतं. ते बराच वेळ गप्प होते. मग विचारलं, "बरं, आणली दुसऱ्यानं. पण हे दहा वर्षं होते ना? उठवली का?" नाही उठवली. या प्रश्नानं माझं टिपण बदललं. तोवर मी वारशाची दोनच खाती धरत होतो: काय सुरू केलं आणि काय बंद केलं. काकांनी तिसरं दाखवलं. हाती अधिकार असताना जे आहे तसं चालू दिलं, तेही कारभाऱ्याच्याच नावावर लागतं. चित्रपटगीतांच्या बाबतीत लोकांचा दबाव आला, सिलोनचा धक्का बसला, म्हणून फेरविचार झाला. पेटीवाल्यांच्या मागे ना बाजार होता, ना परदेशी स्टेशन. त्यांचं कोणी ऐकलं नाही. केसकरांविरुद्धचा माझ्या मते सर्वांत वजनदार आक्षेप हा आहे.

जे वाचायला जड जातं

सरांचा आक्षेप वेगळा होता, असं वर म्हटलं. केसकर संगीतावर लिहीत आणि बोलत. उत्तर हिंदुस्थानी संगीताच्या इतिहासाबद्दलचं त्यांचं मत असं होतं की मुस्लिम गवयांच्या हाती हे संगीत गेल्यावर ते आपल्या धार्मिक, संस्कृत मुळांपासून तुटलं, घराण्यांच्या गुप्त विद्येत अडकलं, भोगविलासाकडे झुकलं. सरांनी ते परिच्छेद बैठकीत वाचले. खोली शांत झाली. किराणा आणि जयपूर गायकी ज्यांच्या कानात आहे त्या माणसांसमोर हे वाचलं जात होतं. अब्दुल करीम खाँसाहेबांनी मिरजेत राहून महाराष्ट्राला काय दिलं, हे आमच्यापैकी कोणाला सांगावं लागत नाही.

रेडिओवाले काका म्हणाले, प्रत्यक्षात त्यांच्या काळात रेडिओवर उस्ताद गातच होते, वाजवतच होते. बिस्मिल्ला खाँसाहेबांची सनई काय कमी वाजली? खरं आहे. मत आणि कारभार यांत अंतर होतं. पण त्या मताची छाया कारभारावर पडलीच नाही, असंही म्हणवत नाही. ग्रंथ शिकलेल्या परीक्षकानं घराण्याच्या गवयाची श्रेणी ठरवायची, या रचनेमागे घराण्यांबद्दलचा अविश्वास होताच. सूक्ष्म गोष्ट आहे. मी ती टिपणात शक्यतो नेमक्या शब्दांत ठेवली.

मला या सगळ्याचा अर्थ असा लागला. केसकरांची एकच धारणा होती: संगीत शुद्ध राहिलं पाहिजे, आणि ते शुद्ध कसं हे आपल्याला कळतं. शनिवारच्या राष्ट्रीय मैफलीमागे हीच धारणा, चित्रपटगीतं गाळण्यामागेही हीच. गवयाला करारपत्र देणारा हात आणि मावशींच्या चाळीतला रेडिओ मुका करणारा हात एकाच माणसाचा, एकाच विचारानं हलणारा. म्हणून "चांगलं तेवढं घेऊ, वाईट सोडून देऊ" हा बैठकीत आलेला समन्वयाचा प्रस्ताव मला पटला नाही. तसं केलं तर आपण केसकर समजून घेत नाही, आपल्या सोयीचा दुसराच माणूस तयार करतो.

काय ठरलं

तीन पर्याय मतास टाकले. संध्याकाळ केसकरांच्या नावानं करायची. विषयच सोडून द्यायचा. किंवा व्यक्तीचं नाव न देता "आकाशवाणीचं दशक : १९५२ ते १९६२" असा कार्यक्रम करायचा आणि त्यात केसकरांवर सविस्तर बोलायचं. मी तिसऱ्या बाजूनं मत दिलं. संध्याकाळीला नाव देणं म्हणजे मंडळाची कृतज्ञता. मंडळात पेटीवाले आहेत, त्यांच्या वतीनं ती कृतज्ञता मी देऊ शकत नाही. पण विषय टाळणं त्याहून वाईट झालं असतं, कारण मग पुढची वीस वर्षं आम्ही तेच ऐकीव भांडण भांडत राहिलो असतो. तिसरा पर्याय थोड्या मतांच्या फरकानं मंजूर झाला.

कार्यक्रम असा ठरला. सुरुवातीला रेडिओवाले काका बोलतील, त्यांना हवं ते, वडिलांची करारपत्रं दाखवून. त्यानंतर सर केसकरांच्या लेखनातले ते परिच्छेद वाचतील. हे व्यासपीठावरून वाचावं की नाही यावर पुष्कळ खल झाला, शेवटी वाचायचं ठरलं, दोन्ही बाजूंना सारखा वेळ देऊन. मग एक सुगम संगीताचा भाग: आकाशवाणीसाठी बांधलेली गीतं आणि त्याच वर्षांतली चित्रपटगीतं एकाआड एक. चित्रपटगीतं मावशी निवडणार आहेत. प्रत्येक गाण्याआधी चित्रपटाचं नाव सांगायचं, ही त्यांची अट. उत्तरार्धात एकल पेटीवादन. पेटीवाले काकांनी होकार दिला, पण पत्रिकेतल्या बंदीविषयीच्या परिच्छेदात १९४० आणि १९७१ ही दोन्ही सालं हवीत आणि फील्डनच्या जोडीला मधल्या सगळ्या मंत्र्यांची जबाबदारी लिहिलेली हवी, असं सांगितलं. तसा परिच्छेद मी नव्यानं लिहिला.

रेडिओवाले काकांनी या निर्णयाला लेखी असहमती दिली आहे. तिच्यात त्यांनी विचारलं आहे की दरबाराच्या नावानं, शेटजींच्या नावानं आपण सभागृहं बांधतो, तेव्हा त्या धन्याची सगळी मतं तपासतो का. मग ज्यानं सार्वजनिक पैशातून शेकडो कलावंतांना काम दिलं, त्यालाच ही कसोटी का. या प्रश्नाचं उत्तर कार्यकारिणीनं दिलेलं नाही. असहमतीचं पत्र इतिवृत्ताला जोडलं आहे आणि काकांच्या इच्छेप्रमाणे ते भाषणात स्वतः वाचणार आहेत.